माझा भांग

खोलीत आईशिवाय कुणी नव्हतं आणि आईच्या डोक्यावर केस नव्हते. तरीही स्वयंपाकघरातल्या बेबी मॉनिटरमधून केस विंचरल्याचा आवाज येत होता.

देवयानीने नळ बंद केला. आवाज सावकाश, लांबलचक होता. मुळापासून टोकापर्यंत एक ओढ, मध्येच गुंत्यापाशी जरा थांबणं, पुन्हा वरून सुरुवात. ज्या बाईने कधी कमरेपर्यंत केस वाढवले आहेत तिला या आवाजाची ओळख कुणी करून द्यावी लागत नाही.

"ऐकलंस?"

दीपा ताटं पुसत होती. भावजय शुक्रवारी आल्यापासून स्वयंपाकघरातच सापडत असे. बाहेर टेबलाशी नवऱ्याचं आणि नणंदेचं जे चाललं होतं त्यापेक्षा भांडी बरी, असा तिचा हिशेब असावा. "काय, ताई?"

आवाज थांबला होता.

"काही नाही. शेजाऱ्यांचा कॉर्डलेस फोन लागतो यात कधीकधी."

ते खरंही होतं. एकदा कुणीतरी पिझ्झा मागवताना ऐकू आलं होतं. पण पिझ्झा मागवणारा माणूस खोकतो, हसतो, पत्ता सांगतो. हे तसं नव्हतं.

खिडकीबाहेर धुकं वर चढत होतं. कॅलिफोर्नियातल्या एल सेरिटोच्या टेकडीवर ऐन जुलैतही जेवणं आटोपेपर्यंत ते येतं. आधी खाडीवरचा पूल जातो, मग खालचे रस्ते, मग शेजारचं लिंबाचं झाड, आणि शेवटी ते काचेला टेकून उभं राहतं, आत कोण आहे ते बघत असल्यासारखं. दक्षिणेतल्या शुगर लँड गावच्या उकाड्यातून आलेल्या तिच्या भावाला, श्रीरंगला, हे सहन होत नव्हतं. घरात पाऊल ठेवल्यापासून तो बाबांचा जुना स्वेटर घालून वावरत होता आणि त्यात बाबांसारखाच दिसत होता.

येताना तो उद्याची तीन तिकिटं काढूनच आला होता. एक त्याचं, एक दीपाचं, एक आईचं.

"ताई, प्लीज इकडे ये," तो बाहेरून म्हणाला. "आता बोलूनच टाकू."

देवयानीने मॉनिटर उचलून टेबलावर आणून ठेवला. बाबा वर्तमानपत्राची घडी करून, पुन्हा उलगडून, पुन्हा घडी करत होते. निवृत्त झाल्यापासून हा त्यांचा एकच चाळा होता.

"मी दोन दिवस तिला ऑब्झर्व्ह करतोय," श्रीरंग म्हणाला. डॉक्टरी आवाजात बोलायला लागला की तो नजर टेबलाकडे ठेवी. "ती मेलेल्या माणसाशी बोलते. काल मला म्हणाली, सरक, अक्काला बसू दे. आणि यार, मी सरकलो! मी, एक बोर्ड-सर्टिफाइड डॉक्टर, पलंगावर सरकून बसलो."

स्वयंपाकघराच्या दारात ताट पुसत उभ्या असलेल्या दीपाला हसू आलं. ते तिने ताटात दडवलं.

"तू आल्यापासून तिने ते घेतलेलंच नाही, श्री."

"इट स्टेज इन द फॅट. आठवडेच्या आठवडे राहतं."

"तिच्या अंगावर फॅट कुठे उरलीय?"

त्याने स्वेटरची बाही मनगटापर्यंत ओढून घेतली.

'ते' फ्रीजच्या वरच्या कप्प्यात होतं. तुपाची एक बरणी, हिरवट पिवळी, वर देवयानीच्या अक्षरात 'आई'. एप्रिलमध्ये, पोटात पाणीही ठरेनासं झालं तेव्हा, आईच्या कॅन्सरच्या डॉक्टरबाईंनी आधी खोलीचं दार लावून घेतलं होतं. हे मी प्रिस्क्राइब करू शकत नाही, त्या म्हणाल्या, फेडरल कायदा आड येतो. पण मी याची शिफारस करते, असं लिहून देऊ शकते. कॅलिफोर्नियात तेवढं पुरतं. जन्मभर पुस्तकांत वावरलेल्या देवयानीला त्या दोन शब्दांमधली बारीक फट लख्ख दिसली होती, आणि त्या फटीतून आपली आई आत जाईल एवढी ती आता बारीक झाली आहे, हेही दिसलं होतं.

मग काउंटीच्या ऑफिसातून फोटोचं कार्ड निघालं. फोटोसाठी आईने डोक्याचा स्कार्फ नीट बांधला, कुंकू लावलं. आईची काळजीवाहक म्हणून देवयानीलाही एक कार्ड मिळालं. ओकलंडच्या दुकानात दारावरच्या आडदांड रखवालदाराने व्हीलचेअरमधली साडी बघितली, कार्ड बघितलं, आणि देवळाचं दार धरावं तसं दार धरून उभा राहिला. आत काउंटरवर आईने वाळक्या पाल्याच्या बरणीत नाक घातलं.

"अगं, ही तर भांग! मिरजेला मळ्याच्या बांधावर उगवायची. शिवरात्रीला गुरव घोटत बसायचा."

"व्हॉट डझ शी से?" काउंटरवरच्या बाईने विचारलं.

"शी सेज दे हॅव मेट," देवयानी म्हणाली.

तुपात कशी मुरवायची तेही आईनेच सांगितलं, पलंगावरून, अळूच्या वड्या सांगाव्यात तसं. मंद आच, तूप करपू द्यायचं नाही, फडक्यातून गाळायचं, पण पिळायचं नाही. पहिल्या वेळी भातावर अर्धा चमचा घातला आणि संध्याकाळी आईने वाटीभर वरणभात खाल्ला. बाबा बाथरूममध्ये गेले आणि बराच वेळ नळ सोडून आतच राहिले.

शुक्रवारी श्रीरंगची टॅक्सी दारात थांबली तेव्हा मात्र आईने देवयानीचा हात धरला. "तो आहे तोवर नको गं, देवू. त्याला आवडत नाही. गेल्यावर घेईन." तेव्हापासून तिच्या पोटात दोन चमचे पेज गेली होती, आणि तीही पोटात ठरली नव्हती.

"कायदा बघ," श्रीरंग म्हणाला. "गेल्या वर्षी सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलं. स्टेट काहीही म्हणू दे, फेडरलमध्ये हा गुन्हाच. आणि आई सिटिझन नाही. इतकी वर्षं ग्रीन कार्डवर, का, तर तिला पासपोर्टवर सिंह हवेत. उद्या एखाद्या एअरपोर्टवर कुणी विचारलं आणि ती भोळेपणाने हो म्हणाली तर?"

"तू नेलं नाहीस तर ती कुठल्या एअरपोर्टवर जाणार आहे?"

"ताई, मी मुलगा आहे तिचा. ही माझा जबाबदारी आहे."

"माझी," बाबा वर्तमानपत्रातून वर न बघता म्हणाले. "जबाबदारी ती."

श्रीरंग या देशात जन्मला होता. त्याची मराठी झरझर चाले, पण कुठला शब्द 'तो' आणि कुठला 'ती', हे त्याला कधी जमलं नाही. लहानपणापासून जेवणाच्या टेबलावर तो चुकायचा आणि बाबा दुरुस्त करायचे. घरात आग लागली असती तरी बाबा म्हणाले असते, आग ती. आज त्याला त्याचा राग आला.

"फाइन. माझी. माझी आई भ्रमिष्ट झालीय आणि तिला हे घरात शिजवून देताय, आणि बाबा, तुम्ही ग्रामर बघताय."

बाबांनी पेपरची घडी केली. या वेळी ती उलगडली नाही.

"फेब्रुवारीपासून," ते म्हणाले.

"काय?"

"ती अक्काशी फेब्रुवारीपासून बोलते. तुझी ती भांग एप्रिलमध्ये आली."

देवयानीलाही हे ठाऊक नव्हतं. इतके महिने ती बाबांना आपल्या बाजूचे समजत आली होती. आता वाटलं, ते कुणाच्याच बाजूचे नव्हते. ते त्या खोलीत एकटे होते.

अक्का म्हणजे आईची थोरली बहीण. आई तिसरीत असताना ती विषमज्वराने गेली. तिचा फोटोही कुठे नव्हता. शाळेत जायच्या आधी रोज आईची वेणी अक्का घालायची, भांग नाकासमोर सरळ पाडायची, एवढंच घरात सगळ्यांना माहीत होतं. आणि एक गोष्ट, जी आईने कधी पुरी सांगितली नव्हती: ताप उतरेना तेव्हा अक्काचे केस कापून टाकले होते.

"तुम्ही सांगितलं का नाही, बाबा?" देवयानीने विचारलं.

"काय सांगायचं? मला वाटलं, झोपेत बोलते. मग एकदा तिने काहीतरी विचारलं आणि गप्प राहिली. ऐकत होती. मग मान हलवली." बाबांनी चष्मा काढला. "मला काही ऐकू आलं नाही. पण उत्तर किती लांब होतं, ते कळत होतं."

मॉनिटरमधून फक्त खोलीची खरखर येत होती. बाहेर लिंबाचं झाड निम्मं उरलं होतं.

दीपाने हातातलं ताट खाली ठेवलं. "श्री, सकाळी मी आईंना पुसून काढलं. तू त्यांचे रिपोर्ट बघतोस. मी पाठ बघितली. एकेक मणका वेगळा दिसतो. तुला उद्या त्यांना विमानात बसवायचंय?"

"तू पण?"

"मी पण. आणि भांग म्हणजे काय ते मला नको सांगू. नागपूरला आमचे आजोबा, हेडमास्तर माणूस, शिवरात्रीला घ्यायचे आणि संध्याकाळभर आजीची तारीफ करत बसायचे. आजी त्या एका दिवसाची वर्षभर वाट बघायची." ती कपड्यांची टोपली उचलून गॅरेजकडे निघाली. "ड्रायर थांबला असेल," ती म्हणाली, आणि दार जरा जोरात लागलं.

श्रीरंग बराच वेळ बरणी असलेल्या फ्रीजकडे बघत राहिला.

"ठीक आहे," तो म्हणाला. "एकच गोष्ट. आईने स्वतः मागितलं, तिच्या तोंडाने, तर मी एक शब्द बोलणार नाही. तिकीट कॅन्सल. पण ती मागत नाहीये, ताई. तुम्ही देताय. आणि जे पेशंट मागत नाही ते मी माझ्या आईला देऊ देणार नाही."

तो उठून आईच्या खोलीत गेला.

देवयानीला वाटलं, संपलं. आई आयुष्यात कधी स्वतःसाठी काही मागून मोकळी झाली नव्हती. पंगतीत मीठसुद्धा शेजारणीकरवी मागवायची. आता मरणाच्या दारात ती मुलाकडे, त्याला न आवडणारी वस्तू, मागणार होती होय? उद्या तिला चाकाच्या खुर्चीतून नेतील. तिथे स्वच्छ खोली असेल, उत्तम नर्स असेल, आणि ती उपाशी जाईल.

मॉनिटरमध्ये पलंग करकरला.

"आई, उद्या माझ्याकडे जायचं ना? तुझा खोली रेडी आहे. खिडकीतून तळं दिसतं."

"तिकडे धुकं असतं का रे?"

"नाही गं. मस्त ऊन."

"मग अक्का कशी येणार?"

बाबांनी देवयानीकडे बघितलं नाही. तिनेही त्यांच्याकडे बघितलं नाही. दोघं मॉनिटरच्या त्या पांढऱ्या डबीकडे बघत होते.

"आई, अक्का नाहीये."

"असं तिच्यासमोर म्हणू नये." मग थोडा वेळ नुसती खरखर, आणि आई हलकेच हसली. "ती म्हणते, आता मी तिच्यासारखी दिसते."

देवयानीच्या नाकाशी माक्याच्या तेलाचा वास आल्यासारखा वाटला. त्या तेलाची बाटली तर आईचे केस गेले त्याच आठवड्यात तिने स्वतः कचऱ्यात टाकली होती.

"श्री," आई म्हणाली, "माझा भांग काढ ना रे."

"काय?"

"भांग. माझा. सकाळपासून कुणी काढला नाही."

माझा. शब्द स्वच्छ होता, मिरजेच्या शाळेत शिकलेल्या मुलीसारखा. माझा भांग. केसांमधली ती सरळ रेघ.

श्रीरंग दारात येऊन उभा राहिला तेव्हा त्याचा चेहरा ओढलेला होता.

"मागितली," तो म्हणाला. "तिने भांग मागितली. स्वतः. सकाळपासून कुणी काढून दिली नाही म्हणाली."

जन्मात पहिल्यांदा त्याने लिंग बरोबर वापरलं होतं, आणि नेमक्या नको त्या शब्दाचं.

देवयानी बाबांकडे वळली. बाबांनी तोंड उघडलं होतं. ज्या माणसाने चाळीस वर्षांत या टेबलावरून एकही 'माझा' चुकीचा जाऊ दिला नव्हता, त्याचे ओठ उघडे होते आणि शब्द तिथपर्यंत आला होता. तो तिला दिसला. तिने तो थांबवायला हातही हलवला नाही. नुसती बघत राहिली.

"फ्रीजमध्ये," बाबा म्हणाले. "वरच्या कप्प्यात."

श्रीरंगने भात स्वतः गरम केला. किती घालायचं ते विचारलं, आणि देवयानीने सांगितलं त्याहून कमी घातलं. वाटी घेऊन जाताना त्याने ती दोन्ही हातांत धरली होती, सांडेल म्हणून नव्हे.

आईने वाटीकडे बघितलं, मग त्याच्या खांद्यावरून दारात उभ्या असलेल्या देवयानीकडे. फार वेळ बघितलं. तिला सगळं कळलं असं देवयानीला वाटलं, आणि नजर खाली घालावीशी वाटली.

"कोण देतंय हे?" आईने विचारलं.

"मी," श्रीरंग म्हणाला.

"तू देतोयस?"

"हो, आई."

"मग चालेल," आई म्हणाली, आणि तोंड उघडलं.

त्यानंतर काही करायचं नव्हतं. तूप चढायला वेळ लागतो. श्रीरंग पलंगाच्या कडेला बसून राहिला, बाबा खुर्चीत, देवयानी दारात. खिडकीत आता काहीच उरलं नव्हतं, ना झाड, ना रस्ता. नुसता पांढरा उजेड, ज्यात दुपार आहे की पहाट ते कळू नये. कुणी दिवा लावला नाही. हळूहळू आईचे कानाशी चढलेले खांदे खाली आले. कपाळाची गाठ सुटली. तिने ओठांवरून जीभ फिरवली.

"वरण उरलंय का?" ती म्हणाली. "लिंबू पिळून आण. आणि मीठ घाल, ही देवू आळणी करते."

तिने खाल्लं. श्रीरंग भरवत होता आणि ती खात होती, वाटीच्या तळाला चमचा लागेपर्यंत. ते पोटात ठरलं. तो खिडकीकडे तोंड करून बसला, जिथे बघण्यासारखं काही नव्हतं.

"आता माझा भांग," आई म्हणाली.

"आई, आत्ताच दिली ना. लगेच दुसरा डोस नाही देता येत."

दीपा घड्या केलेले कपडे घेऊन आत येत होती. ती खळखळून हसली. "अरे श्री! माझा भांग म्हणतायत त्या. माझी नाही. केसांतला भांग, वेडा कुठला!"

मग तिने आईच्या डोक्याकडे बघितलं आणि तिचं हसू जिथल्या तिथे राहिलं.

श्रीरंग वळला. त्याने आधी देवयानीकडे बघितलं, मग बाबांकडे.

"तुम्हाला माहीत होतं," तो म्हणाला. "दोघांना."

बाबा आपल्या हातांकडे बघत होते. देवयानीला वाटलं, काहीतरी बोलावं. पण जे बोलायचं ते मघाशी टेबलाशी न बोलूनच झालं होतं. तिकीट त्याच्या खिशात होतं. तिने नुसती रिकाम्या वाटीकडे नजर टाकली. त्यानेही टाकली.

"श्री," आईने हाक मारली. तिच्या हातात फणी होती.

जुनी, शिसवी, एक दात तुटलेली फणी. ती आईच्या कुंकू-फणीच्या फणेरपेटीत असे, आणि फणेरपेटी कपाटाच्या वरच्या खणात. आई पलंगावरून उठू शकत नव्हती. देवयानीने दीपाकडे बघितलं. दीपाने नकळत मान हलवली, मी नाही.

"केस कुठे आहेत, आई?" श्रीरंग म्हणाला. आवाज अगदी हळू होता, पेशंटशी बोलण्याचा नव्हता.

"आहेत. तू बस मागे. अक्का एकटी दमते रे."

तो उशीशी जाऊन बसला. तिची समजूत काढायची, एवढंच. ते त्याच्या चेहऱ्यावर दिसत होतं. त्या उघड्या, फिकट डोक्यावर त्याने फणी ठेवली आणि कपाळापासून मागे एक सरळ रेघ ओढली. मग मानेवरून खाली, पाठीवरून, हवेतून. परत वरून. आईने डोळे मिटले. बाहेर टेबलावरच्या मॉनिटरमधून तो आवाज येऊ लागला, सावकाश, लांबलचक, मुळापासून टोकापर्यंत.

खांद्याखाली वीतभर अंतरावर फणी थांबली.

श्रीरंगने हात ओढला. फणी आली नाही. त्याच्या मनगटाची शीर ताठ झालेली देवयानीला दारातून दिसली. त्याने पुन्हा एकदा, जरा बेताने, ओढून बघितलं.

"गुंता आहे," तो म्हणाला.

"हळू," आई डोळे मिटूनच म्हणाली. "ओढू नकोस."

"नाही ओढत." त्याने मान वर केली नाही. "दीपा, एअरलाइनला फोन कर. सांग, आम्ही येत नाही."

आणि डावा हात पुढे करून, समोरच्या बाईला दुखू नये म्हणून गुंत्याच्या वर केस धरतात तसं, त्याने मुठीत काहीतरी धरलं.